लाझारोसची हाडं

हाडं पिवळी दिसायला दिवसातली कुठली वेळ चांगली, असं फेदोनला आजवर कुणी विचारलं नव्हतं.

बंदरातल्या हमालांच्या संपात त्यानं कॅमेरा खांद्यावर वागवला होता. लष्करशहांची राजवट कोसळली त्या आठवड्यात तो अथेन्सच्या रस्त्यांवरच राहिला होता. लोक विचारायचे ते वेगळं. चेहरा ओळखू येईल का, पोलिसांच्या हाती लागेल का, पिक्चर फुकट दाखवणार का. पार्थेनाबाईंनी त्याच्यापुढे चेरीच्या मुरंब्याची बशी सरकवली, पाण्याचा पेला ठेवला आणि भाजीचा भाव विचारावा तसा हा प्रश्न विचारला.

"कुणाची हाडं, मावशी?"

"माझी नव्हेत. माझी अजून वापरात आहेत. लाझारोसची."

लाझारोस म्हणजे त्यांचा नवरा, आस्प्रोनेरी गावाचा शेवटचा सरपंच. गावाखाली कोळसा निघाला तेव्हा कंपनीच्या कागदावर पहिली सही त्यानं केली होती. पुढच्या उन्हाळ्यापर्यंत सगळ्यांनी केली, पण शिव्या पडल्या त्या पहिल्या सहीला. दुसऱ्या सहीपासून त्याला नाइलाज म्हणतात.

आता गाव उठत आलं होतं. बरीच घरं हमरस्त्यालगतच्या नव्या वसाहतीत गेली होती, जिथं सगळे दरवाजे एकसारखे आणि म्हातारे रोज चुकून शेजाऱ्याच्या घरात शिरायचे. शाळा पाडून झाली होती. खाणीचं यंत्र दिवसरात्र गुरगुरत गावाच्या दिशेनं सरकत होतं, आणि त्याच्या वाटेत आता फक्त चर्च आणि दफनभूमी उरली होती. कंपनीनं कळवलं होतं की मेलेल्यांनाही हलवा.

हलवण्याचं कुणाला नवल नव्हतं. तशीही तिथं तीन-चार वर्षांनी माणूस उकरतात, हाडं वाइननं धुतात आणि पेटीत भरून ठेवतात. अवघड असतं ते बघणं. चर्चमधल्या मेणबत्तीसारखी पिवळी निघाली तर माणूस सुटला, देवानं त्याला घेतलं. काळी निघाली तर... या वाक्याचा शेवट त्या गावात कुणी केलेला फेदोननं ऐकला नव्हता. तिथं आले की लोक कॉफीचा घोट घेत.

लाझारोसच्या बाबतीत हे वाक्य अर्ध्यावर सोडून भागत नव्हतं, कारण त्याला शाप होता, आणि तोही सख्ख्या बहिणीचा. सिमेलाच्या वाट्याला आलेली अक्रोडाची बाग पहिल्याच फेरीत यंत्राखाली गेली. त्या दिवशी भर चौकात, कॉफीच्या दुकानासमोर, ती भावाला म्हणाली होती, "माती तुला खाणार नाही, लाझारो!" लाझारोस खुर्चीतून उठलासुद्धा नाही. "माती उरणार आहे कुठे, बाई, खायला?" म्हणाला. लोक हसले. हसले ते हसले, शाप मात्र कुणी विसरलं नाही. सिमेला लेकीकडे जर्मनीत, श्टुटगार्टला निघून गेली आणि लाझारोस मेला तेव्हा मातीलाही आली नाही. आली ती मागाहून, वसाहतीतलं घर ताब्यात घ्यायला.

"हे बघ," पार्थेनाबाई म्हणाल्या, "उकरताना असतील नसतील ती वीसएक माणसं. पण तुझा पिक्चर वसाहतीत दाखवणार, थेस्सालोनिकीला दाखवणार, तिकडे श्टुटगार्टात निम्मं गाव आहे तिथं दाखवणार. डोळ्यांनी बघितलेलं माणसं विसरतात. भिंतीवर बघितलेलं विसरत नाहीत. म्हणून विचारते."

फेदोनचा एक नियम होता आणि तो नियमच त्याची कमाई होती. दिवा लावायचा नाही, काचेवर रंग चढवायचा नाही, कुणाला 'असं उभं राहा' म्हणायचं नाही. आहे ते, आहे तसं. या नियमापायी दोन दिग्दर्शकांनी त्याला सोडलं होतं आणि एका बायकोनं. तरी विचारलेल्या प्रश्नाचं बरोबर उत्तर माहीत असलं की ते तोंडातून जातंच.

"संध्याकाळी," तो म्हणाला. "सूर्य धुराड्यांच्या मागे गेला की. त्या वेळी इथला कोळशाचा ढीगसुद्धा मधासारखा दिसतो."

आणि लगेच म्हणाला, "पण पाद्र्यानं, पापा-स्टाथिसनं, सकाळची वेळ दिलीय, मावशी. वेळ मी ठरवत नाही. ठरवणारही नाही."

"तू नको ठरवू. मी आहे ना." त्यांनी रिकामी बशी उचलली. "आणि असं तोंड करू नकोस. मी तुझ्याकडे खोटं मागत नाहीये. उजेड मागतेय. उजेड काय तुझ्या बापाचा आहे?"

दुपारी कॉफीच्या दुकानात अथेन्सहून दिग्दर्शकाचा, व्लासिसचा फोन आला. व्लासिस उन्हाळ्यात येऊन गावाला त्याचं शोषण समजावून गेला होता, गावानं त्याला बकरं कापून जेवू घातलं होतं. तेव्हापासून पिक्चर फेदोन आणि आवाजाचं यंत्र सांभाळणारी झिनोविया असे दोघंच करत होते. दुकानातला फोन असा होता की पलीकडचं बोलणं पत्ते खेळणाऱ्यांनाही ऐकू जाई.

"काळी निघाली तर सोनं!" व्लासिस ओरडत होता. "विचार कर! ज्यानं जमीन विकली त्याला जमिनीनं नाकारलं! तिथंच थांबवायचं चित्र, वर माझा आवाज. फेदोन, जवळून घे. अगदी जवळून!"

पत्ते खेळणाऱ्यांनी पानं खाली ठेवली. फेदोननं फोन ठेवला.

"तुमचे साहेब मेलेल्यांवर फार खूश दिसतात," एक म्हातारा म्हणाला.

"त्यांचं अजून कुणी मेलेलं नाही," झिनोविया म्हणाली, आणि पत्ते पुन्हा सुरू झाले.

उकरायच्या दिवशी पार्थेनाबाईंचा बेत साधा होता. कबरीवरच्या प्रार्थनेला उकडलेल्या गव्हाची परात लागते. गहू आदल्या दिवशी उकडून फडक्यावर पसरून कोरडा करावा लागतो, मग त्यात बेदाणे, डाळिंबाचे दाणे, वर साखरेचा थर. परात नाही तर प्रार्थना नाही, आणि प्रार्थना नाही तर कुदळ नाही. पार्थेनाबाईंनी गहू भिजतच टाकला सकाळी उठून.

पापा-स्टाथिस वेळेवर आला, तर या दारात उभ्या. हात ओले, चेहरा पडलेला.

"पापा, काय सांगू, विसरले. वय झालं. पाच वाजेपर्यंत होईल कोरडा."

"पार्थेना, तू आयुष्यात गहू विसरली नाहीस."

"म्हणूनच तर सांगते, वय झालं."

पाद्री काही बोलणार तोच फाटक वाजलं. काळा रुमाल घट्ट बांधलेली, ताठ मानेची सिमेला आत आली. तिच्या हातात परात होती. पांढरीशुभ्र साखर, वर बदामांचा क्रूस, कडेनं चांदीच्या गोळ्या. अशी परात की तिच्यापुढे लग्नाचा केक लाजावा.

"वहिनी, तुझा नसला तरी अडत नाही," ती म्हणाली. "मी आईसाठी केलाय. आईच्या गव्हावर याचंही होऊन जाईल. आईनं जन्मभर त्याला पोसलंच, आणखी एकदा."

पार्थेनाबाईंनी परातीकडे पाहिलं. मग फेदोनकडे. फेदोन खांद्यावर कॅमेरा चढवत होता. वर आकाश धुऊन वाळत घातल्यासारखं स्वच्छ होतं. ढगाचा ठिपकाही नव्हता. शरदातलं सकाळचं ऊन सरळ, पांढरं पडलं होतं, आणि त्या उन्हात कशाचंच काही लपत नाही हे त्याच्याइतकं कुणालाच कळत नव्हतं.

आई म्हणजे आनातोली. लाझारोसची आणि सिमेलाची आई. काळ्या समुद्राकडून निर्वासितांच्या जहाजातून आलेली पोरगी, पुढे गावाची म्हातारी. तिच्या हातानं ताप उतरायचा म्हणत. दुष्काळात तिनं स्वतःच्या घासातलं शेजाऱ्यांना दिलं होतं. लाझारोस मेला तेव्हा तिथल्या रीतीप्रमाणे तिचीच कबर उघडून त्याला त्यात ठेवलं. तिची हाडं धुऊन, पिशवीत शिवून, लेकाच्या उशाशी. ती धुतली होती पार्थेनाबाईंनी. बरोबर फक्त कबर खणणारा म्हातारा होता, तोही आता मातीत होता. पार्थेनाबाईंनीच बाहेर येऊन सांगितलं होतं, "मेणासारखी पिवळी. वासही मधाचा." सिमेलानं हे श्टुटगार्टच्या चर्चमध्ये इतक्या वेळा सांगितलं की तिथली पोरंसुद्धा आनातोली आजीच्या नावानं परीक्षेला जाताना छातीवर क्रूसाची खूण करायची. अक्रोडाची बाग गेली, गाव गेलं, भाऊ तुटला. तेवढी ती हाडं सिमेलापाशी राहिली होती.

खणायला वेळ लागला नाही. माती काळी आणि तेलकट होती, फावड्याला चिकटत होती. पापा-स्टाथिस पुटपुटत होता. झिनोविया डोळे मिटून आवाज ऐकत होती. फेदोननं एक डोळा मिटला आणि दुसरा काचेला लावला. तिथं आत नेहमी शांत असायचं.

आधी कवटी आली. पार्थेनाबाईंनी ती दोन्ही हातांत घेतली, कपाळावर ओठ टेकले, आणि पांढऱ्या पंच्यावर ठेवली.

लाझारोस विरघळला होता. मातीनं त्याला नीट, पूर्ण खाल्लं होतं. एवढा शाप तरी खोटा ठरला. पण हाडं काळपट होती. अक्रोडाच्या हिरव्या सालीनं हात काळे होतात ना, तशी. वाइन ओतली, पुसली, पुन्हा ओतली. पंचा लाल झाला. हाडं होती तशीच.

बायकांनी क्रूस केला. एकानं सिगरेट पेटवली आणि लगेच विझवली. दूरवर यंत्र गुरगुरत होतं.

"बघितलंत?" सिमेला म्हणाली. आवाज चढवला नव्हता. उलट, तिचीच नजर पंच्यावरून बाजूला सरली. मग ती सावरली. "आता आईला काढा. तिलाही धुवा. याच पंच्यावर ठेवा दोघांना, शेजारी शेजारी. एका पोटचे, एका मातीतले. लोकांना दिसू दे कोण कसं जगलं."

खणणाऱ्यानं उशाकडची पिशवी वर दिली. पार्थेनाबाईंनी ती पुढे होऊन घेतली आणि मांडीवर ठेवली.

"उघड, वहिनी."

"नाही."

"का?"

"एकदा धुतलंय मी आईला. मेलेल्याला दोनदा आंघोळ घालत नाहीत. तिला थंडी वाजेल."

कुणीतरी हसलं, कुणीतरी 'खरं आहे' म्हणालं. असा काही नियम नव्हता, पण ऐकताना असल्यासारखा वाटला. पापा-स्टाथिसनं तोंड उघडलं आणि मिटलं. त्याला दमा होता आणि दोन म्हाताऱ्यांच्या भांडणात पडण्याची हौस नव्हती.

फेदोनच्या डोळ्याला त्या वेळी लांबचं जवळ आणणारी काच होती. तिच्यात फक्त पार्थेनाबाईंचे हात आणि पिशवी मावत होती. चार वर्षं ओलीत राहून पिशवीची शिवण एका कोपऱ्याला उसवली होती. त्या फटीतून बोटाएवढं हाड बाहेर डोकावत होतं. काळं. पंच्यावरच्या हाडांइतकंच काळं, कदाचित अधिक, कारण ते मातीत जास्त वर्षं होतं.

पार्थेनाबाईंचा अंगठा हळूच सरकला आणि फटीवर बसला. मग त्यांनी झोपलेल्या पोराची कूस बदलावी तशी पिशवी मांडीवर फिरवली आणि उसवलेली बाजू पोटाशी धरली.

फेदोननं कॅमेरा बंद केला नाही. रीळ संपलं तेव्हा तो आपोआप थांबला.

पाचच्या सुमाराला तो त्यांच्या स्वयंपाकघरात गेला तेव्हा त्या परातीतला गहू निवडत होत्या. कोरडा झाला होता, आता कुणाला नको होता.

"तुझ्या यंत्राला दिसलं का?" त्यांनी मान वर न करता विचारलं.

"दिसलं."

"डोळे चांगले आहेत त्याचे."

"मावशी, मातीमुळे होतं ते. कोळसा आहे सगळा. संत असो की सरपंच, ही माती सगळ्यांना काळंच करणार. हे दाखवलं तर लाझारोसकाका सुटतात. सगळ्यांसमोर. तुम्ही ती पिशवी उघडली असती तरी तिथल्या तिथे सुटले असते."

"मला कळत नाही का? तेव्हाच कळलं होतं, आईंना धुताना." त्यांनी एक खडा काढून खिडकीतून फेकला. "मला वाटलं, संध्याकाळच्या उजेडात दोघंही बरे दिसतील. नाही जमलं. मग एकालाच निवडायचं होतं."

"नवऱ्याला सोडून सासूला निवडलंत?"

"सासूला कोण निवडतं रे? जिवंत होती तेव्हा माझ्या पावात मीठ जास्त म्हणायची रोज." त्या पहिल्यांदा हसल्या. मग हसू विझलं. "सिमेलाला निवडलं. लाझारोसपाशी मी आहे. तिच्यापाशी काय आहे? दरवाजा कुठला आपला तेसुद्धा तिला रंग लावून ओळखावं लागतं."

फेदोननं परातीतला एक खडा उचलून बाजूला ठेवला. शेवटी म्हणाला, "मी जे टिपतो ते कापत नाही, मावशी. तुम्हाला ठाऊक आहे."

"कापू नकोस. मी यंत्र बंद कर म्हटलं का?" त्यांनी परात उचलली. "दाखव. फक्त बोट दाखवू नकोस."

अथेन्सला व्लासिस काळी हाडं पाहून खुर्चीत उडाला. तिथं चित्र थांबवायचं, वर आवाज टाकायचा, 'जमिनीनं नाकारलं'. फेदोन म्हणाला, त्या भागावर एक शब्द पडला तर माझं नाव काढ. एवढं एकच वाक्य तो तीन आठवडे म्हणत राहिला. शेवटी व्लासिसनं आपलं सगळं भाषण यंत्रावर, कंपनीवर आणि मंत्र्यावर ओतलं, जिथं ते शोभतही होतं, आणि दफनभूमी मुकी राहिली. पिशवीवरचा अंगठा त्यानं पाहिलासुद्धा नाही. एवढ्या बारीक गोष्टीत त्याला राजकारण दिसत नसे.

पिक्चर वसाहतीच्या सभागृहात दाखवला तो पुढच्या हिवाळ्यात. तोवर आस्प्रोनेरीच्या जागी खड्डा होता. लोक घरून खुर्च्या घेऊन आले. आपलं घर पडताना पाहून रडले, आपला शेजारी मंत्र्याच्या गाडीवर टोमॅटो मारताना पाहून त्यांनी टाळ्या वाजवल्या. मारणाऱ्याला उभं करून पुन्हा वाजवल्या. फेदोन मागे दाराशी उभा होता. पहिल्या रांगेत सिमेला होती, तिच्या दोन खुर्च्या पलीकडे पार्थेनाबाई. दोघींत वर्षभर बोलणं नव्हतं.

लाझारोसची हाडं भिंतीवर आली. भिंतीएवढी कवटी. काळी. कुणीतरी खोकलं.

मग आली पिशवी. हात, शिवण, फट, फटीतलं बोटभर काळं, अंगठा. पिशवीची कूस बदलणं. लोकांची नजर अजून आधीच्या कवटीवरच रेंगाळत होती, बहुतेकांना म्हातारीचे हात तेवढे दिसले. पण सिमेलाची पाठ ताठ झालेली फेदोनला मागून दिसली. मग ती पाठ हळूहळू खाली आली. भिंतीवर पुढे मंत्री आला, मोर्चा आला, पाऊस आला. सिमेला हलली नाही.

दिवे लागले. टाळ्या झाल्या. त्या थांबल्यावर, कुणी काही विचारायच्या आधीच, सिमेला उठली. तिनं भावजयीकडे पाहिलं नाही. वळून थेट दाराकडे, फेदोनवर बोट रोखलं.

"याला कॅमेरा धरायला कुणी शिकवला?"

सभागृहात कुजबुज झाली.

"मी होते तिथं," सिमेला म्हणाली. "समोर उभी होते. माझ्या भावाची हाडं पिवळी होती. मेणासारखी. आईची होती तशीच. हा माणूस कसला फोटो काढतो? सगळं काळं! उजेडच नव्हता त्या दिवशी. आभाळ कसं भरून आलं होतं, आठवत नाही का कुणाला?"

कुणाला आठवणार होतं? पण त्या दिवशी तिथं असलेली वीसएक माणसं एकमेकांकडे पाहू लागली. टोमॅटो मारणारा म्हणाला, "हो, थोडं होतं खरं." सिगरेट विझवणारा म्हणाला, "मला तर पाऊस येईलसं वाटलं होतं." पापा-स्टाथिसनं चष्मा काढून पुसला. "मी पुस्तकात बघत होतो," तो म्हणाला, "पण अक्षर नीट लागत नव्हतं, एवढं आठवतं."

मग सगळे फेदोनकडे पाहू लागले. नियमाच्या माणसाकडे. हमालांचा संप, अथेन्सच्या रस्त्यांवरचा तो आठवडा, तीन आठवड्यांचं एकच वाक्य, सगळं त्याच्या मागे दाराशी उभं होतं. पार्थेनाबाईंनीही मान वळवली. त्यांच्या चेहऱ्यावर काही मागणं नव्हतं.

"ढग होते," फेदोन म्हणाला. "माझा अंदाज चुकला."

"ऐकलंत?" सिमेला म्हणाली. ती खाली बसली, पण आपल्या जागेवर नाही. मधल्या दोन खुर्च्या ओलांडून ती पार्थेनाबाईंच्या शेजारी बसली आणि पर्समधून रुमाल काढून नाक शिंकरलं. "अथेन्सचे लोक," ती म्हणाली. "वहिनी, तुला सांगते, यांना साधी हाडं काढता येत नाहीत."

बाहेर थंडी पडली होती. दूर खाणीवरचे दिवे लागलेले दिसत होते. पार्थेनाबाई आपली खुर्ची डोक्यावर घेऊन निघाल्या तेव्हा फेदोननं ती त्यांच्याकडून घेतली. दार शोधायला जरा वेळ लागला, कारण सिमेलानं आता निळा रंग लावल्यापासून सगळ्यांनीच निळा लावला होता.

"ये आत," दार उघडत त्या म्हणाल्या. "चेरी उरलीय. आणि पुढल्या खेपेला माझं ऐक. संध्याकाळी ये."